देवळालीचा ताप

इंग्रजीत एक शब्द आहे : डूलाली. अर्थ, डोकं फिरलेला. येडा. हा शब्द आपल्या देवळालीच्या नावावरून गेलाय. पुरता शब्द ‘डूलाली टॅप’. टॅप म्हणजे आपला साधा ताप. देवळालीचा ताप.

१८६१ पासून इथं गोऱ्या सोल्जरांची छावणी पडली. नोकरीची मुदत संपलेला टॉमी आगगाडीनं इथं यायचा आणि मायदेशी जाणाऱ्या बोटीची वाट बघत बसायचा. बोटींचा हंगाम हिवाळ्याचा. तो हुकला की पुढच्या हिवाळ्यापर्यंत मुक्काम. काम नाही, कवायत नाही, नुसतं ऊन, दारू, मारामाऱ्या, हिवताप. बसून बसून डोकं सटकायचं. मग बाकीचे म्हणायचे, ह्याला देवळालीचा ताप चढला. शब्द बोटीत बसून विलायतेला गेला आणि डिक्शनरीत जाऊन बसला.

मित्रांनो, गोरा सोल्जर सहा-आठ महिने थांबला. पगारी थांबला. पलंगावर, छपराखाली, पोटभर खाऊन थांबला. तरी त्याच्या भाषेनं त्याच्या थांबण्याची दखल घेतली. त्याच छावणीत झाडू मारणारा, मैला उचलणारा, घोड्याची लीद काढणारा, साहेबाची ट्रंक डोक्यावर घेऊन स्टेशन गाठणारा जो माणूस होता, तो किती वर्षं थांबला? त्याच्या थांबण्याला मराठीत शब्द कुठला? मराठीनं त्याला नशीब म्हटलं. कर्म म्हटलं. पायरी म्हटलं.

या अंकात मला एवढंच सांगायचंय. जात म्हणजे नुसता विटाळ नाही. जात म्हणजे थांबवून ठेवणं. जित्याजागत्या माणसाला रांगेच्या शेपटाला उभं करायचं आणि पिढ्यान् पिढ्या सांगत राहायचं, तुझा नंबर येणार हाय, दम धर. विहिरीपाशी कुणी येऊन वरून पाणी ओतेपर्यंत ओंजळ धरून थांब. भाकरीसाठी येसकराची काठी घेऊन दारात थांब. शाळेत वर्गाबाहेर थांब. राज्यघटना आली आणि थांबायच्या जागा बदलल्या. आता तहसील कचेरीच्या व्हरांड्यात थांब. जात पडताळणी समितीच्या दारात थांब. १९५० च्या आधीचा पुरावा आण म्हणतात. ज्याला १९५० च्या आधी शाळेची पायरी चढू दिली नाही त्याला म्हणतात, बापाच्या बापाचा शाळेचा दाखला आण!

पलटणीचंच बघा. महार शिपाई कंपनी सरकारच्या फौजेत लढला, मेला. बाबासाहेबांचे वडील रामजी सकपाळ इंग्रजाच्या फौजेतले सुभेदार. १८९२ च्या सुमारास इंग्रजानं महारांची भरती बंद केली. गोपाळबाबा वलंगकरांनी अर्ज लिहिले, शिवराम जानबा कांबळ्यांनी लिहिले. थांबा. पहिल्या महायुद्धात माणसं कमी पडली तेव्हा १९१७ साली महारांची पलटण उभी केली. युद्ध संपलं, १९२१ साली मोडली. दुसरं महायुद्ध पेटलं तेव्हा १९४१ साली महार रेजिमेंट. म्हणजे मरायला माणूस पाहिजे तेव्हा दार उघडायचं, काम झालं की कडी लावायची. मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव द्यायचा ठराव विधिमंडळानं जुलै १९७८ मध्ये केला. पाटी बदलली १४ जानेवारी १९९४ ला, तीही मूळ नावाला जोड देऊन. मधल्या साडेपंधरा वर्षांत वस्त्या जळाल्या, माणसं कापली गेली. नुसत्या एका नावासाठी.

आता आपल्या नाशिकाकडे येऊ.

२ मार्च १९३०. काळाराम मंदिर. नाशकात परिषद भरली, मैलभर लांब मिरवणूक निघाली, देवळाचे दरवाजे बंद झाले. दुसऱ्या दिवशी सत्याग्रहींची पहिली तुकडी चारी दरवाज्यांवर बसली, सव्वाशे पुरुष आणि पंचवीस बाया. सत्याग्रह कमिटीचे चिटणीस भाऊराव कृष्णाजी गायकवाड, आपले दादासाहेब, दिंडोरी तालुक्यातल्या आंब्याचे. रामनवमीला रथ ओढायच्या वेळी ठरलेलं मोडलं आणि आपल्या माणसांवर दगड पडले. सत्याग्रह पुढं १९३५ पर्यंत रेटला. दार उघडलं नाही.

हे आपण दर वर्षी सांगतो. भाषणं होतात, हार पडतात, डीजे वाजतो. पण त्यानंतर काय झालं ते कुणी नीट सांगत नाही. त्यानंतर बाबासाहेब थांबले नाहीत. दार उघडायची वाट बघायचं त्यांनी सोडून दिलं. मार्च १९३४ मध्ये त्यांनी भाऊरावांना कळवलं की देवळाच्या दाराशी आता शक्ती घालवू नका, ती राजकारण आणि शिक्षणाकडं वळवा. १३ ऑक्टोबर १९३५ ला याच जिल्ह्यातल्या येवल्यात जाहीर केलं की हिंदू म्हणून मरणार नाही. तुमचं देऊळ तुम्हाला लखलाभ. आणि जानेवारी १९३८ मध्ये कोकणातल्या खोतीविरुद्ध हजारो शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईत विधिमंडळावर नेला. त्या मोर्च्यात कुणबी होते, महार होते, लाल बावट्याची माणसंही होती. देवळाच्या दारातून बाबासाहेब जमिनीच्या बांधावर आले ते असे.

दादासाहेबही त्याच वाटेनं गेले. १९५७ साली ते नाशकातून लोकसभेवर गेले, पण खुर्चीत रुतले नाहीत. १९५९ साली मराठवाडा, खानदेश, नाशिक भागात भूमिहीनांचा सत्याग्रह केला. ६ डिसेंबर १९६४ पासून देशभर केला. लाखो माणसं जेलात गेली. मागणी काय? पडीक जमीन, सरकारी जमीन, कसणाऱ्या भूमिहीनाला द्या. आज दादासाहेबांचा पुतळा आहे, सभागृह आहे, त्यांच्या नावानं भूमिहीनांची सरकारी योजनाही आहे. फक्त त्यांची मागणी नाही. ती आपण त्यांच्याबरोबर १९७१ साली पेटवून टाकली काय?

आपला एखादा हुशार पोरगा मला म्हणतो, “तू गोदीत हमाली करतो, राहतो कॅम्पात, तुला बांधाची काय पडलीय? आपण शहरातली माणसं. आपल्याला नोकरी पाहिजे, आरक्षण पाहिजे, हॉस्टेल पाहिजे.”

पाहिजेच. कोण नाही म्हणतो? पण मी दहावी पास आहे आणि मुंबईतल्या एका गोदीत कंत्राटी हमाल आहे, म्हणूनच मला बांधाचं कळतं. गेटावर सकाळी टोळी उभी राहते. मुकादम बोट दाखवील तो आत, बाकीचे बाहेर थांबा. आत गेलं तर लोखंडाच्या कॉइली, पत्रे, गोण्या. बाहेर राहिलं तर दिवस बुडाला, गाडीभाडं अंगावर. माझ्या टोळीत मराठवाड्याचा मांग आहे, जव्हारचा वारली आहे, पेठचा कोकणा आहे, बिहारचा मुसहर आहे. एकालाही मी विचारलं नाही की बाबा, तू इथं का आलास? विचारायची गरजच पडत नाही. ज्याच्या नावावर सातबारा आहे तो मुकादमाच्या बोटाकडं बघत उभा राहत नाही. जमीन नसलेल्याला गाव शहराकडं ढकलतं, शहर त्याला गेटावर थांबवतं. तीच गावकुसाबाहेरची जागा. फक्त कूस आता सिमेंटची आहे आणि वर कॅमेरा आहे.

आणि सातबाऱ्याचा हा खेळ नीट समजून घ्या. बाबासाहेबांनी १९२८ साली महार वतनाविरुद्ध कायदेमंडळात बिल आणलं, कारण वतन म्हणजे तुकडाभर जमिनीच्या बदल्यात पुऱ्या जातीनं पुऱ्या गावाची आणि सरकारची चोवीस तास वेठ करायची. वतनं मोडायचा कायदा झाला १९५८ साली. म्हणजे तीस वर्षांनी! त्यानंतर गायरान. गावाच्या पडीक रानात आपल्या माणसांनी दगड वेचले, बांध घातले, ज्वारी पिकवली. १४ एप्रिल १९९० पर्यंतची भूमिहीन दलित-आदिवासींची गायरानावरची अतिक्रमणं कायम करायचा शासननिर्णय १९९१ साली निघाला. बाबासाहेबांच्या जयंतीची तारीख घातली, टाळ्या घेतल्या. आणि तलाठ्याच्या दप्तरात नाव लावायला गेलेला म्हातारा खेपा घालून घालून मेला, त्याचा पोरगा खेपा घालतोय. पीक उभं असताना गावचे पुढारी गुरं घालतात. पोलीस येतात ते अतिक्रमण हटवायला.

आता कॅम्पातून पश्चिमेकडं, उत्तरेकडं बघा. इगतपुरी, त्र्यंबक, पेठ, सुरगाणा, कळवण, दिंडोरी. महादेव कोळी, कोकणा, वारली, ठाकर, कातकरी, भिल्ल. १८७८ साली इंग्रजानं जंगल कायदा केला आणि रानातला माणूस एका रात्रीत स्वतःच्याच रानात चोर ठरला. स्वातंत्र्य आलं, साहेबाच्या टोपीखालचं डोकं बदललं, टोपी तीच राहिली. डिसेंबर २००६ मध्ये वनहक्काचा कायदा झाला. त्या कायद्यानं पहिल्याच पानावर कबूल केलंय की या लोकांवर इतिहासात अन्याय झाला. १३ डिसेंबर २००५ च्या आधीपासून कसत असेल तर चार हेक्टरपर्यंत जमीन त्याची. कायदा छान आहे. आणि मग? दावा करा, थांबा. ग्रामसभेची समिती, उपविभागाची समिती, जिल्ह्याची समिती. पुरावा आणा. कशाचा? जंगलखात्यानं अतिक्रमण म्हणून दंड केला होता ना, त्याची पावती जोडा! ज्याचा बाप मार खाऊन पावती जपून ठेवण्याइतका शहाणा, त्याचा दावा बळकट. ज्याच्या झोपडीबरोबर पावती जळाली, तो खोटा. दावा मंजूर झाला तरी कसतो दोन एकर आणि कागदावर येतात वीस गुंठे. नाव लागतं ते सातबाऱ्याच्या इतर हक्कात, मालक म्हणून वर जंगलखातंच.

म्हणून ६ मार्च २०१८ ला नाशिकच्या सीबीएसवरून किसान सभेचा मोर्चा निघाला. बहुतेक माणसं आदिवासी. कसारा घाट उतरून, एकशेऐंशी किलोमीटर पायी, बाया-म्हातारे, पायाची सालटी निघालेली. शेवटच्या रात्री सायनहून आझाद मैदानापर्यंत अंधारातच चालले, का, तर दहावीच्या पोरांचा सकाळचा पेपर चुकू नये. मुंबई गहिवरली. फुटलेल्या टाचांचे फोटो छापले, पाणी वाटलं, चपला वाटल्या, शिस्तीचं कौतुक केलं. शिस्त! हजारो वर्षं रांगेत उभा केलेल्या माणसाला शिस्त शिकवावी लागत नाही साहेब! सरकारनं लिहून दिलं, सहा महिन्यांत वनजमिनीचे दावे निकालात काढू. १३ फेब्रुवारी २०१९ ला सुप्रीम कोर्टानं दावे फेटाळलेल्यांना रानातून काढायचा आदेश दिला. देशभर ओरड झाली, केंद्राला कोर्टात जावं लागलं, २८ फेब्रुवारीला त्याच कोर्टानं आदेश थांबवला. त्याच महिन्यात नाशकातून मोर्चा पुन्हा निघाला, पुन्हा लेखी आश्वासन. मार्च २०२३ मध्ये दिंडोरीहून पुन्हा निघाला, वाशिंदपर्यंत गेला, पुन्हा आश्वासन. पाच वर्षांत तीनदा तीच माणसं, तोच रस्ता, तीच मागणी. देवळालीचा ताप खरा कुणाला चढायला पाहिजे होता?

त्या तीन मोर्च्यांत आपण कुठं होतो? काहीजण गेले, पाणी दिलं, त्यांना जयभीम. पण बहुतेकांनी मोबाईलवर बघितलं आणि म्हटलं, “तो लाल बावट्याचा मोर्चा आहे. तो आदिवासींचा प्रश्न आहे.”

मित्रांनो, हा ‘त्यांचा प्रश्न’ आपण कुणाकडनं शिकलो? १९७२ साली मुंबईत पँथर उठली, १९७३ साली तिचा जाहीरनामा आला. दलित म्हणजे कोण, याचं उत्तर त्यात दिलंय : अनुसूचित जाती, अनुसूचित जमाती, बौद्ध, कष्टकरी, भूमिहीन, गरीब शेतकरी, स्त्रिया. त्या व्याख्येत पेठचा कोकणा आहे. आपण त्याला कधी बाहेर काढला? निळ्या-लालच्या भांडणात पँथर दोन वर्षांत फुटली. पुढारी इकडं तिकडं गेले. आणि व्याख्या पोरकी झाली.

आपल्याला वेगळं ठेवायला कायदाही मदत करतो. वनहक्काच्या कायद्यात आदिवासीला २००५ च्या आधीचा ताबा दाखवला की भागतं. त्याच पाड्याशेजारी, त्याच रानात कसणारा बौद्ध, मातंग, चांभार असेल तर तो ‘इतर पारंपरिक वननिवासी’. त्यानं तीन पिढ्यांचा, म्हणजे पंचाहत्तर वर्षांचा पुरावा द्यायचा. २००५ मधून पंचाहत्तर वजा करा. १९३० येतं! ज्या साली आपली माणसं काळारामच्या दारात दगड खात होती, त्या सालचा कागद आज त्यांच्या नातवानं आणायचा. तेव्हा आपल्याला देवळात घेत नव्हते, कागदावर कुठून घेतील? मग पाड्यावर भांडण लागतं. आदिवासी म्हणतो, हे उपरे. आपला माणूस म्हणतो, सरकार यांचंच लाड करतं. दोघं एकमेकांची गचांडी धरतात आणि जमीन जाते रिसॉर्टवाल्याच्या, द्राक्षबागाईतदाराच्या, धरणाच्या घशात. अप्पर वैतरणेचं पाणी मुंबईच्या नळाला येतं. त्याच त्र्यंबक तालुक्यात उन्हाळ्यात बाया हंडे घेऊन कोसभर जातात. मुंबईतल्या आपल्या चाळीत नळ सोडशील तेव्हा हे पाणी कुणाच्या ओंजळीतून काढलंय ते आठवून बघ. ओंजळीचा इतिहास आपल्याला कुणी शिकवायला नको.

कुणी म्हणेल, आपलीच घरं जळतात, आधी आपलं बघू. खरं आहे. पण अत्याचाराचा १९८९ चा कायदा दलिताला आणि आदिवासीला एकाच नावाखाली घेतो, कारण जाळणारे हात दोन्हीकडं तेच आहेत आणि बहुतेक वेळा जाळण्याचं कारणही तेच असतं : बांध, पाणी, मजुरी. भूमिहीन माणूस पाटलाविरुद्ध साक्ष देत नाही. का देत नाही? भित्रा आहे म्हणून नाही. उद्या त्याच पाटलाच्या शेतावर कामाला जायचंय म्हणून. पायाखाली स्वतःची दोन एकर असती तर तो कोर्टात उभा राहिला असता. जमीन म्हणजे नुसतं पीक नाही. जमीन म्हणजे नाही म्हणायची ताकद.

तेव्हा घोषणा पुष्कळ झाल्या, आता काम. एक. आपल्यातली जी पोरं कॉलेजात जातात, त्यांनी वनहक्काचा कायदा आणि त्याचे नियम वाचून काढावेत. वडीलधाऱ्यांचा जबाब पुरावा म्हणून चालतो. दावा फेटाळला तर कारण लेखी द्यावं लागतं, आणि साठ दिवसांत वरच्या समितीकडं जाता येतं. दावा तपासून पुरा होईपर्यंत कुणालाही रानातून काढता येत नाही. हे पाड्यावरच्या माणसाला माहीत नसतं, म्हणून त्याला थांबवून ठेवता येतं. दोन. आपल्या गावातल्या वतनाच्या आणि गायरानाच्या जमिनी आज कुणाच्या ताब्यात आहेत याची यादी करा. आपापल्या गावापुरती. माहितीचा अर्ज दहा रुपयांत होतो. तीन. २ मार्चला काळारामच्या दारात हार घालून झाल्यावर डीजेच्या पैशातून एक गाडी सुरगाण्याला जाऊ द्या. भाषण करायला नको, फॉर्म भरायला. चार. मोर्चा निघाला तर झेंड्याचा रंग बघत फुटपाथवर उभे राहू नका. आपला निळा घेऊन चाला. १९३८ ला बाबासाहेब चालले होते.

एक शब्द राहिला. जोहार. आपल्या खापरपणज्यानं हा शब्द पाटलाच्या वाड्यापुढं, चावडीपुढं, कमरेत वाकून म्हटला : जोहार मायबाप. बाबासाहेबांनी आपली कंबर सरळ केली, आपण तो शब्द फेकून दिला, जयभीम घेतलं. बरोबर केलं. आता सुरगाण्याचा, पालघरचा आदिवासी पोरगा दुसऱ्या आदिवासी पोराला भेटतो, मान वर करून म्हणतो, जोहार. मायबाप नाही, वाकणं नाही. बरोबरीच्याला बरोबरीच्याचा. मी गोदीच्या गेटावर माझ्या टोळीतल्या पेठवाल्याला पहिल्यांदा जोहार म्हटलं तेव्हा तो हसला आणि म्हणाला, “जयभीम.”

तेवढं झालं की पुढचं सोपं नाही, पण सुरू होतं. बोट येणार नाही. नंबर लागणार नाही. रांगेतनं बाहेर या.

जयभीम. जोहार.